स्मिता पाटील घडली कशी? अहेरीतून विचारायचा प्रश्न

स्मिता पाटीलविषयी मराठीत आजवर पुष्कळ लिहिले गेले, पण त्यातले बहुतेक हळहळीच्या सुरात. १७ ऑक्टोबर १९५५ ला पुण्यात जन्म आणि १३ डिसेंबर १९८६ ला मुंबईत मृत्यू. वय अवघे ३१. मुलाच्या जन्मानंतर दोन-सव्वादोन आठवड्यांतच, बाळंतपणानंतरच्या गुंतागुंतीने ती गेली. हळहळ वाटणे साहजिकच आहे. पण त्या भरात एक महत्त्वाचा प्रश्न मागे पडतो. सिनेमाशी काडीचा संबंध नसलेल्या घरातली एक मुलगी दहा-बारा वर्षांत ऐंशीच्या आसपास चित्रपट करते, त्यांतले निदान डझनभर आजही अभ्यासले जातात, हे घडले कसे? ‘दैवी देणगी’ असे उत्तर दिले की विषय संपतो आणि गडचिरोली जिल्ह्यातल्या अहेरी, एटापल्ली, भामरागडकडच्या मुलीने त्यातून घेण्यासारखे काही उरत नाही. माझे म्हणणे असे, की गुण तिचे होते, कष्टही तिचेच होते. पण त्या गुणांना वाव देणारी एक व्यवस्था त्या काळात उभी होती. ती माणसांनी उभारली होती. म्हणून ती पुन्हा उभारता येते, आणि या खेपेस ती प्राणहितेच्या काठापर्यंत यायला हवी.

पुरावा तिच्या कारकिर्दीतच आहे. मुंबई दूरदर्शन केंद्र २ ऑक्टोबर १९७२ ला सुरू झाले आणि तिथे मराठी बातम्या देणारी तरुणी म्हणून स्मिता लोकांना ठाऊक झाली. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधल्या अरुण खोपकरांच्या पदविका चित्रपटात तिने काम केले. मग श्याम बेनेगल यांनी तिला ‘चरणदास चोर’मध्ये घेतले. १९७५ चा हा चित्रपट बालचित्र समितीचा, हबीब तन्वीर यांच्या नाटकावरचा, आणि त्यात छत्तीसगडचे लोककलावंत होते, म्हणजे गडचिरोलीच्या पूर्वेच्या सीमेपलीकडची माणसे. त्याच वर्षीच्या ‘निशांत’ची पार्श्वभूमी तेलंगणातल्या जमीनदारीची, म्हणजे सिरोंच्याहून गोदावरी ओलांडली की लागणाऱ्या मुलखाची. ‘मंथन’साठी गुजरातच्या पाच लाख दूध उत्पादकांनी प्रत्येकी दोन रुपये दिले. सत्यजित राय यांची ‘सद्गती’ दूरदर्शनने केली, तर तिच्या मृत्यूनंतर आलेल्या ‘मिर्च मसाला’मागे राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळ होते. ‘निशांत’ आणि ‘भूमिका’ यांना पैसा पुरवला तो जाहिरातपटांच्या धंद्यातल्या ब्लेझ या खासगी कंपनीने. बहुतेक ठिकाणी पैसा आला तो रूढ फिल्मी सावकारीबाहेरून, आणि त्या पैशाला पहिल्या आठवड्याच्या गल्ल्याची घाई नव्हती.

अशा पैशाने काय साधते, हे पडद्यावर दिसते. गोविंद निहलानींच्या ‘आक्रोश’ची (१९८०) सुरुवातच आठवावी. लहान्या भिकू या आदिवासी माणसाला हातात बेड्या घालून पोलीस स्मशानात आणतात, ते त्याच्याच बायकोच्या चितेला अग्नी देण्यासाठी. ती बायको म्हणजे नागी, स्मिताची भूमिका. चित्रपट सुरू होण्याआधीच मेलेली ही बाई पुढे फक्त लहान्याच्या आठवणींत दिसते. पडद्यावरचा तिचा वेळ थोडा आणि बोलणे त्याहून थोडे. तरीही शेवटापर्यंत तिचे नसणे छातीवर दडपण ठेवून राहते, कारण त्या थोड्या वेळात स्मिताने नागीची चाल, तिचे बसणे, तिची नजर यांत तिचे सगळे जगणे आणले. गल्ल्यावर डोळा ठेवणाऱ्या निर्मात्याने नायिकेला अशी भूमिका दिलीच नसती. हंसा वाडकरांच्या आत्मकथनावर आधारलेल्या ‘भूमिका’साठी तिला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, तेव्हा ती बावीस-तेवीस वर्षांची होती. जयवंत दळवींच्या कादंबरीवरच्या ‘चक्र’ने दुसरा राष्ट्रीय पुरस्कार दिला. ‘उंबरठा’तली सुलभा महाजन घर सोडून महिला सुधारगृहाचे काम हाती घेते. तो चित्रपट १९८२ चा. बंगाली, गुजराती, मलयाळम अशा भाषांतही तिने काम केले. या भूमिका तिच्या वाट्याला आल्या, कारण वेगळ्या बाया पडद्यावर आणण्याची जोखीम घेणारे लोक तेव्हा होते.

यावर पहिला आक्षेप असा, की ती काही गरिबाघरची नव्हती. वडील शिवाजीराव पाटील मंत्री झाले, आई विद्याताई समाजकार्यात. घरात राष्ट्र सेवा दलाचे वळण. हे खरेच आहे आणि ते झाकून चालणार नाही. पण या आक्षेपाने माझे म्हणणे उलट पक्के होते. घर, शिक्षण, शहर असे सगळे पाठीशी असलेल्या मुलीलासुद्धा जर दूरदर्शन, फिल्म इन्स्टिट्यूट आणि वेगळा पैसा लागला, तर ज्यांच्यापाशी यातले काहीच नाही त्यांना अशा आधाराची गरज किती जास्त असेल!

दुसरा आक्षेप अधिक टोचणारा आहे आणि तो याच भागातून यायला हवा. ‘आक्रोश’मधली नागी आदिवासी, जब्बार पटेलांच्या ‘जैत रे जैत’मधली चिंधी ठाकर, दोन्ही भूमिका स्मिताच्या. आदिवासी बाईची कथा दर वेळी बाहेरच्याच नटीने का सांगायची? स्मिताने ते काम मनापासून केले, त्या बाईला शोभेची वस्तू होऊ दिले नाही, हे मान्य. तरीही प्रश्न उरतो, आणि पुढेही तो सुटलेला नाही. हेमलकशातल्या आदिवासींसाठीच्या कामावर २०१४ मध्ये आलेल्या ‘डॉ. प्रकाश बाबा आमटे’ या चित्रपटातही प्रमुख भूमिका नाना पाटेकर आणि सोनाली कुलकर्णी यांच्या होत्या. स्मिताने पहिला टप्पा गाठला. तिने दाखवून दिले की अशी बाई चित्रपटाच्या मध्यभागी उभी राहू शकते. दुसरा टप्पा माडिया किंवा गोंड मुलीने स्वतः कॅमेऱ्यासमोर आणि कॅमेऱ्यामागे उभे राहण्याचा आहे. हे स्वप्नरंजन नव्हे. अकलूजच्या शाळकरी रिंकू राजगुरूच्या ‘सैराट’मधल्या कामाची राष्ट्रीय पुरस्कारांत विशेष दखल घेतली गेली, आणि ‘झुंड’मध्ये नागपूरच्या वस्त्यांतली पोरे अमिताभ बच्चन यांच्यासमोर उभी राहिली.

तिसरा आक्षेप आजचा: हातात मोबाइल आहे, कुणीही चित्रपट करावा, मग संस्था कशाला? कॅमेरा स्वस्त झाला हे खरे. पण शिकवणारा माणूस, महिनाभर काम करता येईल एवढी मजुरी आणि बघायला येणारे लोक मोबाइलमधून मिळत नाहीत. प्रेक्षकांची तर इथे वानवाच नाही. दिवाळीनंतर धान घरी आले की पूर्व विदर्भातल्या या झाडीपट्टीत मंडई-शंकरपटाच्या निमित्ताने रात्रभर नाटके रंगतात, वडशाच्या नाट्यमंडळ्या गावोगाव फिरतात आणि लोक तिकीट काढून पहाटेपर्यंत बसतात. याच रंगभूमीवरचे परशुराम खुणे यांना २०२३ मध्ये पद्मश्री मिळाली. अभिनयाची हौस, प्रेक्षक आणि परंपरा ही तिन्ही या जिल्ह्यात आहेत. या रंगभूमीपासून चित्रपटापर्यंत नेणारी वाट तेवढी नाही.

म्हणून मागणे साधे आहे. अहेरीत वर्षातून एकदा तरी अभिनय आणि चित्रीकरणाचे निवासी शिबिर व्हावे, आश्रमशाळांतल्या मुलींना त्यात आधी जागा मिळावी. गोंडवाना विद्यापीठ आणि झाडीपट्टीच्या मंडळ्यांनी त्यात हात घालावा, आणि शासनाने माडिया व गोंडी भाषांतल्या चित्रपटांसाठी वेगळी रक्कम बाजूला काढावी. ‘मंथन’साठी शेतकऱ्यांनी दोन-दोन रुपयांतून दहा लाख उभे केले होते. आपल्यालाही ते अवघड नाही. दर १३ डिसेंबरला स्मिताच्या फोटोला हार घालणाऱ्यांनी या कामाला थोडे पैसे आणि थोडा वेळ द्यावा. तिची आठवण जपण्याचा याहून चांगला मार्ग नाही.