'श्री' होण्याआधी : शरीरसौष्ठवाबद्दलचे सात गैरसमज

सोलापूर-धुळे महामार्गावरचं पाचोड बाहेरच्यांना माहीत आहे ते मोसंबीच्या बाजारामुळे. पैठण तालुक्यातल्या या गावातली पोरं आता मात्र मोसंबीच्या भावाइतक्याच तावातावाने दंडाच्या घेराबद्दल बोलतात. मोबाइलवर संग्राम चौगुले आणि सुहास खामकर या शरीरसौष्ठवपटूंचे व्हिडिओ फिरतात. त्याच मोबाइलवर अर्धवट माहितीही फिरते आणि जिममध्ये नव्याने नाव घातलेल्या मुलाला तीच आधी मिळते. म्हणून काही गोष्टी एकदा नीट मांडायला हव्यात.

गैरसमज १ : 'महाराष्ट्र केसरी' काय आणि 'महाराष्ट्र श्री' काय, दोन्ही एकच.

वस्तुस्थिती : केसरी हा कुस्तीचा किताब. पहिली महाराष्ट्र केसरी स्पर्धा 1961 साली आपल्याच जिल्ह्याच्या ठिकाणी, तेव्हाच्या औरंगाबादेत झाली. श्री हा शरीरसौष्ठवाचा किताब. कुस्तीत समोरच्याला चीत करायचं असतं. शरीरसौष्ठवात कुणाला हातही लावायचा नसतो आणि मंचावर किलोभरही वजन उचलायचं नसतं. पंच तिथे स्नायूंचा आकार, दोन्ही बाजूंचा समतोल, वर-खालचं प्रमाण आणि कातडीखालची रेघ न् रेघ पाहतात. फ्रंट डबल बायसेप्स, लॅट स्प्रेड, साइड चेस्ट अशा ठरलेल्या पोझ सगळ्यांना एकाच वेळी द्याव्या लागतात. दंड भरलेले आणि पोटऱ्या काटकुळ्या असतील, तर स्पर्धक पाठमोरा होताच गुण जातात. पाय टाळून फक्त छाती-दंड मारणाऱ्यांनी हे लक्षात ठेवावं. पोझ धरणं हीसुद्धा मेहनतच आहे. एकेक स्नायू आवळून, श्वास सांभाळून आणि चेहऱ्यावर ताण न दाखवता उभं राहायचं, तर आरशासमोर रोजचा तासन्‌तास सराव लागतो.

गैरसमज २ : 'मिस्टर युनिव्हर्स' म्हणजे साऱ्या जगात एकच आणि 'मिस्टर ऑलिम्पिया' म्हणजे ऑलिम्पिक.

वस्तुस्थिती : शरीरसौष्ठव ऑलिम्पिकमध्ये नाही. आशियाई खेळांत ते 2002 च्या बुसानला आणि 2006 च्या दोहाला होतं. मिस्टर ऑलिम्पिया ही व्यावसायिकांची स्पर्धा जो वीडर यांनी 1965 साली अमेरिकेत सुरू केली. 'युनिव्हर्स'चं म्हणाल, तर या खेळात एकापेक्षा जास्त महासंघ आहेत आणि प्रत्येकाचा आपापला किताब आहे. वर वजनगट आणि उंचीचे गटही वेगवेगळे. मनोतोष रॉय आणि मनोहर आईच या बंगालच्या दोघांनी 1951 आणि 1952 साली लंडनमध्ये आपापल्या गटात किताब मिळवले. पंजाबचे प्रेमचंद डेगरा 1988 साली ऑस्ट्रेलियात जिंकले. कोल्हापूरच्या संग्राम चौगुले यांचा 2012 चा किताब 85 किलो गटातला. यातला एकही किताब हलका नाही. पण फ्लेक्सवर 'मिस्टर' काहीतरी लिहिलेलं दिसलं, की कुठला महासंघ, कुठलं साल आणि कुठला गट, एवढं विचारून घ्यावं.

गैरसमज ३ : मंचावर दिसतं तसं शरीर वर्षभर असतं.

वस्तुस्थिती : ते शरीर त्या एका दिवसापुरतं असतं. स्पर्धा नसते तेव्हा शरीरसौष्ठवपटू भरपूर खातो, वजन वाढवतो आणि त्याची रेघ झाकली जाते. स्पर्धेच्या तीन-चार महिने आधीपासून तो खाणं हळूहळू आवळत नेतो. शेवटच्या दिवसांत मीठ, पाणी आणि पिष्टमय पदार्थांचा हिशेब चालतो. मंचावर जाण्याआधी अंगाला गडद रंग फासतात, कारण झगझगीत दिव्यांत फिकट कातडीवरच्या रेघा पुसट दिसतात. पडद्यामागे तोच खेळाडू भुकेलेला, थकलेला आणि चिडचिडा असतो. पाणी तोडणं आणि लघवी वाढवणाऱ्या गोळ्या घेणं हा तर थेट जिवाशी खेळ आहे. ऑस्ट्रियाचा शरीरसौष्ठवपटू आंद्रेयास म्युंत्सर 1996 च्या मार्चमध्ये, अमेरिकेतल्या मोठ्या स्पर्धेनंतर दोनेक आठवड्यांत, शरीरातले अवयव एकामागून एक निकामी होऊन मरण पावला. वय होतं 31.

गैरसमज ४ : पावडरच्या डब्याशिवाय अंग भरत नाही.

वस्तुस्थिती : हिशेब करून पाहू. भारतीय वैद्यकीय संशोधन परिषदेच्या (आयसीएमआर) मापाने सर्वसाधारण माणसाला दर किलो वजनामागे 0.83 ग्रॅम प्रथिनं लागतात. नियमित वजन उचलणाऱ्याला साधारण 1.6 ग्रॅम पुरतात. म्हणजे 60 किलोच्या मुलाला दिवसाला 96 ग्रॅम. अर्धा लिटर दुधातून 16, चार अंड्यांतून 24, पन्नास ग्रॅम शेंगदाण्यांतून 12, पन्नास ग्रॅम सोयावडीतून 25, चार भाकरींतून वीस-बावीस आणि वाटीभर वरणातून सहा-सात ग्रॅम मिळतात. बेरीज शंभरावर जाते आणि यातलं सगळं गावातच मिळतं. अंडी न खाणाऱ्याने चणे, मटकी, दही वाढवावं. मोसंबी जरूर खावी, पण ती क जीवनसत्त्वासाठी. तिच्यात प्रथिनं नावालाच. राष्ट्रीय पोषण संस्थेने 2024 च्या मार्गदर्शिकेत प्रथिनांच्या पावडरी टाळायचाच सल्ला दिला आहे. ज्याचं ताट अपुरं आहे त्याने आधी ताट भरावं, डब्याचा विचार नंतर.

गैरसमज ५ : 'एक कोर्स मारला' तर काही बिघडत नाही.

वस्तुस्थिती : जिममध्ये ज्याला 'कोर्स' म्हणतात, तो म्हणजे बहुतेक वेळा पुरुषी संप्रेरकाची किंवा त्याच्या कृत्रिम भावंडांची इंजेक्शनं. बाहेरून आयतं संप्रेरक मिळू लागलं, की शरीर आपला कारखाना बंद करतं. वृषणं आकसतात, शुक्राणू घटतात, छातीला गाठी येतात. रक्तातलं चांगलं कोलेस्टेरॉल घसरतं आणि हृदयाचा स्नायू जाड होतो. कोर्स थांबवल्यावर उदासी आणि अशक्तपणा येतो, आणि मग पोरगं पुन्हा सुईकडे वळतं. वाढीच्या वयात घेतलं, तर हाडांची टोकं लवकर जुळून उंचीही थांबू शकते. जिममध्ये फिरणारं दुसरं औषध मेफेंटरमाइन. शस्त्रक्रियेत भूल दिल्यावर रक्तदाब उतरला, तर तो सावरायला डॉक्टर हे औषध वापरतात. काही जिममध्ये ते 'दम वाढवायला' टोचलं जातं. त्याने रक्तदाब चढतो आणि ठोके बेताल होतात, शिवाय त्याची सवय लागते. चिठ्ठीशिवाय अशी औषधं विकणं गुन्हा आहे. या खेळात 'सगळेच घेतात' हे वाक्य फार लवकर कानावर येतं. ते सांगणारा बहुतेक वेळा विकणाराच असतो.

गैरसमज ६ : किताब मिळाला की जन्माची ददात मिटली.

वस्तुस्थिती : खुराक, प्रवास, प्रशिक्षक आणि स्पर्धेची तयारी यांच्या खर्चापुढे बक्षिसाची रक्कम बहुतेकांना तोकडी पडते. जे टिकले, त्यांच्या हाताशी दुसरं काहीतरी होतं. चौगुले अभियांत्रिकी शिकलेले. पुढे त्यांनी जिम आणि प्रशिक्षणात जम बसवला. 2010 चे 'मिस्टर एशिया' सुहास खामकर महसूल खात्यात नायब तहसीलदार होते. आठ वेळा मिस्टर ऑलिम्पिया झालेला रॉनी कोलमन हिशेबशास्त्राचा पदवीधर होता आणि अमेरिकेत पोलिसाची नोकरी करत होता. त्याच कोलमनला अवजड वजनांनंतर पाठीवर कितीतरी शस्त्रक्रिया कराव्या लागल्या. तेव्हा बारावी अर्धवट सोडून जिममध्ये पडून राहणं हा या खेळातला मार्ग नाही.

गैरसमज ७ : ठेंगण्यांनी, चाळिशीतल्यांनी आणि मुलींनी या वाटेला जाऊ नये.

वस्तुस्थिती : मनोहर आईच यांची उंची चार फूट अकरा इंच. तुरुंगात असताना त्यांनी व्यायाम चालू ठेवला, चाळिशीला टेकले असताना जग जिंकलं आणि वयाची शंभरी ओलांडून 2016 साली गेले. मुलींचं म्हणाल, तर त्यांच्या शरीरात पुरुषी संप्रेरक पुरुषांपेक्षा कित्येक पटीने कमी असतं. वजन उचलल्याने त्या पुरुषी दिसू लागत नाहीत. हाडं आणि स्नायू मात्र बळकट होतात. पाचोडच्याच आरोग्य व्यवस्थापन संस्थेने किशोरी मुलींचं पोषण आणि कमी वयातली लग्नं यांवर वर्षानुवर्षं काम केलं आहे. मुलीच्या ताटात अंडं आणि हातात डंबेल येणं हे त्याच कामाचं पुढचं पाऊल ठरेल. जाता जाता, व्यायाम सोडला की स्नायूंची चरबी होते हेही खरं नाही. दोन्ही वेगळ्या पेशी आहेत. स्नायू आटतात आणि खाणं तेवढंच राहिलं तर चरबी वेगळी चढते.

घरातलं पोरगं जिमला जातंय म्हणून आईवडिलांनी धास्तावू नये. व्यायाम चांगलाच आहे. फक्त तीन गोष्टी विचाराव्यात : प्रशिक्षक कुठे शिकला, डब्यात काय आहे आणि सुई कुणी दिली का? तिसऱ्याचं उत्तर 'हो' आलं, तर रागावत बसू नका. त्याच दिवशी त्याला डॉक्टरकडे न्या आणि ती जिम बदला.