स्थावर मालमत्तेच्या विक्री-करारातील वाद : व्याज व दाव्याचा खर्च

प्रस्तावना :
पगारदार वर्ग आपली आयुष्यभराची बचत घर किंवा भूखंड घेण्यात गुंतवितो. विसार देऊन साठेखत केले जाते; परंतु विक्रेता खरेदीखत करून देण्यास टाळाटाळ करू लागला की वाद दिवाणी न्यायालयात जातो. ‘निदान पैसे तरी व्याजासह परत मिळतीलच’, असा सर्वसाधारण समज असतो. हा समज कितपत खरा आहे, याचे विवेचन प्रस्तुत लेखात केले आहे.

विसाराची परतफेड :
करारपूर्तीचा दावा लावणाऱ्या खरेदीदाराने, पूर्तता नाकारली गेल्यास विसाराची रक्कम परत मिळावी, अशी पर्यायी मागणी वादपत्रात स्पष्टपणे करणे विनिर्दिष्ट अनुतोष अधिनियम, १९६३ च्या कलम २२ नुसार आवश्यक आहे. ती राहून गेल्यास कोणत्याही टप्प्यावर दुरुस्ती करता येते. तथापि देशराज विरुद्ध रोहताश सिंह (२०२२) या प्रकरणात अशी मागणीच नसल्यामुळे सर्वोच्च न्यायालयाने विसार परत देण्यास नकार दिला. खरेदीदार स्वतः कसूरदार असल्यास विसार जप्तही होऊ शकतो.

मालमत्ता हस्तांतरण अधिनियम, १८८२ चे कलम ५५(६)(ब) खरेदीदाराला महत्त्वाचे संरक्षण देते. ताबा मिळण्यापूर्वी दिलेली किंमत व तीवरील व्याज यांसाठी त्याचा त्या मालमत्तेवर बोजा राहतो. त्याने रास्त कारणाने ताबा नाकारला असल्यास विसार व न्यायालयाने मंजूर केलेला दाव्याचा खर्चही या बोजात येतो.

व्याजाचे तीन टप्पे :
पहिला टप्पा दाव्यापूर्वीचा. हे व्याज करार, कायदा किंवा लेखी नोटीस यांवर अवलंबून असते. देय तारीख लेखी करारात निश्चित नसेल, तर व्याज अधिनियम, १९७८ च्या कलम ३ नुसार व्याजाची मागणी करणाऱ्या नोटिशीला महत्त्व येते. दुसरा टप्पा दावा दाखल झाल्यापासून हुकूमनाम्यापर्यंतचा. दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ च्या कलम ३४ नुसार या काळासाठी न्यायालय वाजवी दर ठरविते. तिसरा टप्पा हुकूमनाम्यानंतरचा. यात व्यापारी व्यवहार वगळता दर साल दर शेकडा ६ ही कमाल मर्यादा आहे. हुकूमनामा या व्याजाबाबत मौन असेल, तर ते नाकारले असे मानले जाते व त्यासाठी स्वतंत्र दावा चालत नाही.

उदाहरणार्थ, ५ लाख रुपये विसार दिला, नोटीस दिल्यानंतर २ वर्षांनी दावा लावला आणि तो ८ वर्षे चालला, असे समजू. ६ टक्के सरळव्याजाने दहा वर्षांचे ३ लाख रुपये होतात. त्यांपैकी दाव्यापूर्वीचे ६०,००० रुपये मागताना नोटीस हा मोठा आधार ठरतो. एवढ्या काळात जमिनीच्या किमती किती वाढतात, हे लक्षात घेता ही भरपाई अपुरीच आहे.

दाव्याचा खर्च :
कलम ३५ नुसार खर्च हा न्यायालयाच्या विवेकाधीन आहे. सामान्यतः तो हरलेल्या पक्षावर बसविला जातो. तसे न केल्यास न्यायालयाला लेखी कारणे द्यावी लागतात. प्रत्यक्षात हुकूमनाम्यात नियमांप्रमाणे ठरणारे वकील-शुल्क दिले जाते व ते पक्षकाराने दिलेल्या शुल्काहून बरेच कमी असते. खोट्या किंवा त्रासदायक दाव्याबद्दल कलम ३५-अ खालील भरपाईची मर्यादा अवघी ३,००० रुपये आहे. खर्च वास्तव व वाजवी असावा, असे सर्वोच्च न्यायालयाने सेलम ॲडव्होकेट बार असोसिएशन प्रकरणात (२००५) प्रतिपादिले. वाणिज्यिक न्यायालये अधिनियम, २०१५ ने वाणिज्यिक वादांसाठी खर्चाच्या तरतुदी अधिक परिणामकारक केल्या. मात्र राहत्या घराच्या खरेदीचा वाद सामान्यतः त्यांत मोडत नाही.

समारोप :
सारांश, व्याज व खर्च हे दाव्याचे दुय्यम भाग नव्हेत. साठेखतात व्याजाचा दर लिहिणे, लेखी नोटीस देणे, वादपत्रात पर्यायी मागणी करणे आणि हुकूमनाम्यात पुढील व्याजाचा उल्लेख आहे की नाही हे तपासणे, या चार बाबींची दक्षता घेतली तरच खरेदीदाराचे नुकसान काही अंशी तरी भरून निघू शकते.