रमोना : घरच्यांचा 'नाही', १९१० स्टाइल

'मुलगा चांगला आहे गं, पण आपल्यातला नाही!' मामेबहिणीच्या लग्नाचा विषय निघाला की आमच्या मामीचं हे वाक्य ठरलेलं. परवा तेच वाक्य मी एका मूकपटात ऐकलं. आवाज शून्य, तरी अगदी स्पष्ट!

फिल्म 'रमोना'. साल १९१०, कंपनी बायोग्राफ, दिग्दर्शक डी. डब्ल्यू. ग्रिफिथ. लांबी साधारण १७ मिनिटं, म्हणजे ऑफिसातल्या एका चहाच्या ब्रेकएवढी. वेस्टर्न म्हणजे घोडे, हॅट आणि धाडधाड गोळ्या, अशा तयारीने मी बसले होते. निघाली घरातलीच भानगड.

कॅलिफोर्नियातल्या स्पॅनिश जमीनदारांच्या घरात वाढलेली पोरकी रमोना. ही आपली मेरी पिकफोर्ड, रिलीजच्या वेळी जेमतेम १८ वर्षांची. तिचा जीव जडतो अलेसांद्रोवर. तो मूळनिवासी इंडियन, त्यामुळे तिला वाढवणाऱ्या बाईंचा ठाम नकार. त्यांचा मुलगा फेलिपे, त्याचंही रमोनावर प्रेम. मग कळतं, रमोनाच्याही अंगात इंडियन रक्त आहे. ती ते लपवत बसत नाही. सरळ घर सोडते आणि अलेसांद्रोबरोबर चालू लागते.

इथे 'द एंड' झाला असता तर किती बरं! पण गोऱ्यांना जमीन हवी असते. ते अलेसांद्रोचं गाव उद्ध्वस्त करतात. ग्रिफिथ हे लांबून दाखवतो : डोंगरावर हताश अलेसांद्रो, खाली दूर दरीत धुराचे लोट. क्लोजअप नाही, काही नाही, तरी पोटात खड्डा पडतो. पुढे या दोघांचं बाळ जातं, अलेसांद्रोला वेड लागतं आणि शेवटी एका गोऱ्याची गोळी त्याचा जीव घेते.

मूळ कादंबरी हेलन हंट जॅक्सनची, १८८४ची. मूळनिवाशांवरचा अन्याय लोकांना कळावा म्हणून तिने ती लिहिली. शूटिंगही कादंबरीशी नातं सांगणाऱ्या कामुलोस रँचवर झालं. गंमत बघा, रमोना आणि अलेसांद्रो दोघांच्याही भूमिकांत गोरेच कलाकार! अन्यायाची गोष्ट सांगतानाही 'आपल्यातले'च निवडले.

दिवाणखान्यातला 'नाही' आणि दरीतला धूर, दोन्हींच्या मुळाशी तोच हिशेब : आपले कोण, परके कोण. रविवारी मामीने पुन्हा ते वाक्य टाकलं. एरवी मी पोह्यांत डोकं घालते. या वेळी मात्र मूक राहणं जमलं नाही.