गुणवत्ता नियंत्रणाची मूलभूत साधने : विशेष संदर्भ – नियंत्रण आलेख

प्रस्तावना :
तयार मालातील सदोष वस्तू बाजूला काढणे म्हणजे गुणवत्ता नियंत्रण, असा समज आजही आढळतो. तपासणीमुळे सदोष माल ग्राहकापर्यंत जाण्यास आळा बसतो. परंतु तो तयार होणे थांबत नाही. त्यासाठी उत्पादन प्रक्रियेचाच अभ्यास आवश्यक ठरतो. प्रस्तुत लेखात अशा अभ्यासाच्या साधनांचा, विशेषतः नियंत्रण आलेखाचा, विचार केला आहे.

सात साधने :
जपानी तज्ज्ञ काओरू इशिकावा यांनी कामगारांनाही वापरता येतील अशा सात साधनांचा पुरस्कार केला. नोंदतक्त्यात दोषांची मोजदाद होते. स्तरीकरणाने ती यंत्र, पाळी वा कच्चा माल यांनुसार विभागली जाते. पॅरेटो आलेख सर्वाधिक आढळणारे मोजके दोष पुढे आणतो. आयतालेखातून मोजमापांचा विस्तार, कारण-परिणाम आकृतीतून संभाव्य कारणे, तर विकीर्ण आलेखातून दोन घटकांतील संबंध स्पष्ट होतो. सातवे साधन म्हणजे नियंत्रण आलेख.

नियंत्रण आलेख :
अमेरिकेतील वेस्टर्न इलेक्ट्रिक कंपनीत कार्यरत असताना वॉल्टर शूहार्ट यांनी १९२४ मध्ये हा आलेख मांडला. पुढे १९४७-४८ मध्ये प्रा. प्रशांतचंद्र महालनोबिस यांच्या निमंत्रणावरून ते भारतातही आले होते. प्रत्येक प्रक्रियेत काही चढउतार स्वाभाविक असतात, तर काहींमागे शोधता येण्याजोगे विशिष्ट कारण असते. हा भेद ओळखण्यासाठी मध्यमानापासून दोन्ही बाजूंस तीन प्रमाण विचलनांवर नियंत्रण मर्यादा आखतात.

समजा, दूध पिशवीत भरणाऱ्या यंत्राच्या नमुन्यांचे मध्यमान ५०० मिलिलिटर व त्यांचे प्रमाण विचलन १ मिलिलिटर आहे. येथे मर्यादा ४९७ व ५०३ होतील. एखादा नमुना ४९८ आला, तर केवळ त्यावरून यंत्रात बदल करू नये. प्रत्येक नमुन्यानंतर आलेल्या फरकाइतका बदल केल्यास मागील नमुन्यातील योगायोगाचा फरक पुढील फरकात मिसळतो आणि प्रमाण विचलन सुमारे १.४१ मिलिलिटर होते. म्हणजे सुधारणेच्या हेतूने केलेल्या हस्तक्षेपामुळेच गुणवत्ता ढासळते. याउलट, बिंदू मर्यादेबाहेर गेल्यास किंवा सलग आठ बिंदू मध्यरेषेच्या एकाच बाजूस आल्यास कारणाचा शोध तत्काळ घ्यावा.

निष्कर्ष :
स्वाभाविक चढउतारांसाठी कामगारास दोषी धरणे अन्यायाचे तर आहेच, शिवाय निरुपयोगीही आहे. ते कमी करण्यासाठी यंत्रसामग्री, कच्चा माल व कार्यपद्धती यांत बदल करावे लागतात आणि तो अधिकार व्यवस्थापनाकडे असतो. कोणत्या प्रसंगी कोणी कृती करावी, हे स्पष्ट करणे हेच नियंत्रण आलेखाचे खरे महत्त्व होय.