अपघाती मृत्यू आणि वारसांचा हक्क

धुळे जिल्ह्यातील शिंदखेडा तालुक्यातून मुंबई-आग्रा महामार्ग जातो. नरडाणा परिसरातील मालमोटारी, दोंडाईच्याच्या बाजारपेठेकडे येणारी वाहने आणि गावोगावच्या एस. टी. बसगाड्या यांची येथील रस्त्यांवर सतत वर्दळ असते. १८ ऑगस्ट २०१९ च्या रात्री तालुक्यातील निमगूळ गावाजवळ एस. टी. बस व कंटेनर यांची टक्कर होऊन दहाहून अधिक लोक मृत्युमुखी पडले. अशा प्रसंगी शोकाचा पहिला भर ओसरण्यापूर्वीच कुटुंबापुढे प्रश्न उभा राहतो, की कर्ता माणूस गेला, आता घर कसे चालावयाचे? या प्रश्नाचा विचार कायद्याने केलेला आहे. मात्र त्याचा लाभ वेळीच जागरूक राहणाऱ्यांनाच होतो.

हयगय कोणाची?

मोटार वाहन अधिनियम, १९८८ च्या कलम १६६ अन्वये मृताच्या वारसांना मोटार अपघात दावा न्यायाधिकरणाकडे भरपाई मागता येते. वाहनचालकाची हयगय हा या दाव्याचा पाया होय. मात्र ती फौजदारी खटल्याप्रमाणे निःसंशय सिद्ध करावी लागत नाही. उपलब्ध पुराव्यावरून हयगय झाली असण्याचा संभव अधिक दिसला, तरी तेवढे पुरते. चालक फौजदारी खटल्यातून निर्दोष सुटला, एवढ्यावरून वारसांचा दावा बुडत नाही.

दोन वाहनांची टक्कर होऊन प्रवासी दगावला, तर दोष कोणत्या चालकाचा किती, हा वाद वारसांनी सोडवावयाचा नसतो. अशा वेळी दोहोंपैकी कोणत्याही एका पक्षाकडून संपूर्ण भरपाई वसूल करता येते, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१५ साली स्पष्ट केले आहे. मृत व्यक्ती स्वतः वाहन चालवीत असून तिचाही दोष आढळला, तर मात्र त्या प्रमाणात रक्कम कमी होते.

दोन वाटा

हयगयीच्या पुराव्याविना भरपाई देता येत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने १९७७ साली मुंबई उच्च न्यायालयाकडून आलेल्या एका प्रकरणात म्हटले होते. ती उणीव १९८२ च्या दुरुस्तीने अंशतः दूर झाली. १ एप्रिल २०२२ पासून अमलात आलेल्या कलम १६४ अन्वये हयगय सिद्ध न करताही मृत्यूबद्दल ५ लाख रुपये मिळू शकतात. परंतु ही रक्कम स्वीकारल्यास कलम १६६ खालील दावा संपुष्टात येतो. म्हणून कोणत्याही कागदावर सही करण्यापूर्वी दोन्ही वाटांचा हिशेब मांडून पाहणे इष्ट ठरते. धडक देऊन पळून गेलेल्या वाहनाचा शोध लागला नाही, तर मृत्यूबद्दल २ लाख रुपयांची स्वतंत्र तरतूद आहे.

हिशेब कसा होतो?

एक काल्पनिक उदाहरण घेऊ. ३५ वर्षांचा शेतमजूर. मासिक उत्पन्न १०,००० रुपये. घरी पत्नी, दोन मुले व आई. वय ४० च्या आत असल्याने भावी वाढीपोटी ४० टक्के मिळविले, की उत्पन्न १४,००० रुपये होते. चार आश्रित असल्याने मृताच्या स्वतःच्या खर्चापोटी एक चतुर्थांश वजा जाता १०,५०० रुपये, म्हणजे वर्षाचे १,२६,००० रुपये उरतात. या वयासाठी गुणक १६ आहे. त्यावरून मूळ भरपाई २०,१६,००० रुपये येते. अंत्यसंस्कार, सहवासाची हानी इत्यादींची रक्कम निराळी. ही पद्धत सर्वोच्च न्यायालयाने २००९ व २०१७ च्या निर्णयांनी घालून दिली आहे.

जमीन वारसांकडे राहिली, तरी शेतकऱ्याचे कष्ट व देखरेख यांची हानी विचारात घेतली जाते. गृहिणीच्या श्रमांचेही मोल धरले जाते. पगारपत्रक नसल्याने दावा करताच येत नाही, हा समज चुकीचा आहे.

काय करावे?

अपघातानंतर पोलिसांनी ४८ तासांत प्रथम अपघात अहवाल न्यायाधिकरणाकडे पाठवावयाचा असतो. वारसांनी फिर्याद, घटनास्थळाचा पंचनामा व शवविच्छेदन अहवाल यांच्या प्रती मिळवाव्यात; वाहनाचा व विम्याचा तपशील, वयाचे आणि उत्पन्नाचे पुरावे जपून ठेवावेत.

अपघातापासून सहा महिन्यांच्या आत अर्ज करण्याची तरतूद आहे. या मुदतीच्या वैधतेचा प्रश्न सर्वोच्च न्यायालयापुढे नेण्यात आला असला, तरी त्यावर विसंबून विलंब करू नये. कामासाठी सुरतेस गेलेला माणूस तिकडे अपघातात दगावला, तरी त्याच्या कुटुंबाला गुजरातेत खेटे घालण्याचे कारण नाही. वारस जेथे राहतात, तेथील न्यायाधिकरणाकडे दावा दाखल करता येतो. शिंदखेड्याच्या कुटुंबास धुळे जिल्ह्यातच दाद मागता येते.

वकिलाच्या खर्चाची चिंता असल्यास विधी सेवा समितीकडे अर्ज करावा. स्त्रियांना उत्पन्नाची अट न लावता मोफत विधी साहाय्य मिळते. गेलेला माणूस भरपाईने परत येत नाही. परंतु मुलांची शाळा सुटू नये आणि घराचे शेत गहाण पडू नये, इतका आधार त्या रकमेने निश्चित मिळतो. ती दया नसून वारसांचा हक्क आहे.