राक्षसाला नावच नव्हतं!

बालमित्रांनो, ‘फ्रँकेनस्टाईन’ म्हटलं की डोळ्यांसमोर काय येतं? मानेत खिळे अडकवलेला धिप्पाड राक्षस ना? फसलात! ते नाव राक्षसाचं नाहीच मुळी. ते आहे त्याला घडवणाऱ्या तरुणाचं, व्हिक्टर फ्रँकेनस्टाईनचं.

ही कादंबरी जन्माला आली तीही गंमतच. १८१५ च्या एप्रिलमध्ये इंडोनेशियातल्या तंबोरा ज्वालामुखीचा प्रचंड स्फोट झाला. राख आणि वायू आभाळात उंच पसरले, सूर्याची ऊब कमी झाली. १८१६ साली युरोपात उन्हाळा असा आलाच नाही! नुसता पाऊस आणि गारठा. स्वित्झर्लंडमध्ये जिनिव्हा सरोवराकाठी काही इंग्रज मंडळी बंगल्यात अडकून पडली. कवी लॉर्ड बायरननं टूम काढली, प्रत्येकानं एकेक भुताची गोष्ट लिहायची! त्यांत होती अवघी १८ वर्षांची मेरी, म्हणजेच पुढची मेरी शेली.

तेव्हा विजेचं लोकांना भारी नवल. इटलीच्या गॅल्व्हानींनी मेलेल्या बेडकाचे पाय विजेनं हलवून दाखवले होते. १८०३ मध्ये त्यांचे भाचे आल्दिनी यांनी लंडनमध्ये फाशी दिलेल्या माणसाच्या प्रेतावर तसाच प्रयोग केला. चेहरा हलला, पाहणारे हादरले. मग माणूस जीवही निर्माण करील का? मेरीची गोष्ट याच प्रश्नातून फुलली. १ जानेवारी १८१८ ला पुस्तक निघालं, पण त्यावर तिचं नावच नव्हतं. ते छापलं गेलं १८२३ मध्ये.

गोष्टीतला व्हिक्टर जीव घडवतो खरा, पण त्याचं रूप पाहून पळूनच जातो. तो बिचारा एका घराशेजारी लपतो, भिंतीच्या फटीतून ऐकत बोलायला शिकतो, त्या गरीब घरासाठी रात्री गुपचूप लाकडं आणून ठेवतो. घरातले अंध आजोबा त्याच्याशी प्रेमानं बोलतात. पण डोळस माणसं येतात आणि त्याला मारून हाकलतात. मग मात्र तो सूडानं पेटतो, खूनही करतो.

माझ्या चौथीच्या वर्गात मी ही गोष्ट सांगितली, तेव्हा मागच्या बाकावरच्या एका मुलीनं विचारलं, “बाई, त्याला कुणी नावानं हाक मारली असती, तर तो असा झाला असता का हो?”

मला चटकन उत्तर देता आलं नाही. खून तो खूनच. पण त्याला वाऱ्यावर सोडणाऱ्या व्हिक्टरचं काय? तुम्हाला काय वाटतं? आज जेवताना आई-बाबांनाही विचारा बरं. आणि हो, तुमच्या वर्गात एकटंच बसणारं कुणी असेल, तर उद्या त्याला नावानं हाक मारा!