अर्धवटरावांचा आवाज

सायंकाळी कटंगीच्या कोणत्याही आळीतून जावे, निदान एका घरातून तरी डोरेमॉनचा आवाज कानी येतो. हा निळा यंत्रबोका मूळचा जपानचा. येथे तो हिंदी बोलतो, आणि त्याच्यासमोर बसलेली आपली मुले त्याच्या गमती एकमेकांस पोवारीत सांगतात. पण चित्राला कंठ नसतो. कोणा तरी मनुष्याने बंद खोलीत ध्वनिक्षेपकासमोर उभे राहून तो आपला कंठ चित्राला दिलेला असतो. जपानात अशा कलावंतांस 'सेइयू' असे स्वतंत्र नाव आहे. तेथे नोबुयो ओयामा ह्या बाईंनी १९७९ पासून २००५ पर्यंत, म्हणजे २६ वर्षे, डोरेमॉनला आवाज दिला. शाळेत असताना ह्याच घोगऱ्या आवाजाची मुले थट्टा करीत. आवाज लपवू नकोस, उलट रोज वापर, असे आईने सांगितले, आणि बाई शाळेच्या ध्वनिक्षेपण मंडळात जाऊ लागल्या. २०२४ साली त्या निवर्तल्या. डोरेमॉन मात्र बोलतच आहे; २००५ पासून तेथे त्याला वासाबी मिझुता ह्यांचा आवाज आहे.

ही हकीकत मी वर्गात सांगितली तेव्हा नववीतील एका विद्यार्थ्याने विचारले, "गुरुजी, आपल्या मराठीत असा कोणी झाला आहे काय?" माझ्या डोळ्यांसमोर तत्काळ अर्धवटराव उभे राहिले.

अर्धवटराव हा एक बाहुला आहे. त्याचे वय शंभर वर्षांहून अधिक आहे. त्याला बोलते केले ते यशवंत केशव पाध्ये ह्यांनी. स्वतः ओठ न हलविता बाहुलीच्या तोंडून बोलण्याची ही विद्या पाश्चात्त्य रंगभूमीवर लोकप्रिय होती. आपल्या देशात ती रुजविणाऱ्यांत पाध्ये ह्यांचे नाव पहिले घेतले जाते. मराठीत तिला 'शब्दभ्रम' म्हणतात आणि लोकांच्या तोंडी 'बोलक्या बाहुल्या' हे नाव आहे. बाहुल्याचे नाव ठेवणाऱ्याच्या विनोदबुद्धीचे मला नेहमी कौतुक वाटते. अर्धवट म्हणजे अर्धे शहाणपण असलेला. पण बाहुला खरोखरच अर्धा असतो, त्याचे दुसरे अर्धे अंग त्याच्या शेजारी बसलेले असते! पुढे ह्या रावांना आवडाबाई नावाची पत्नीही मिळाली.

आता ह्या विद्येचे मर्म पाहू. आमच्या कोकणात कुडाळजवळ पिंगुळी नावाचे गाव आहे. तेथील ठाकर मंडळी कळसूत्री बाहुल्यांचे खेळ पिढ्यान् पिढ्या करीत आली आहेत. त्या खेळात बाहुल्या पुढे आणि खेळविणारा आडोशाला. बोलणारा दिसतच नाही, तेव्हा आवाज बाहुलीचा मानण्यास मन सहज तयार होते. शब्दभ्रमात आडोसा नाही. कलावंत दिव्याच्या प्रकाशात, तुमच्या डोळ्यांसमोर, बाहुल्याच्या खांद्याला खांदा लावून बसलेला असतो. तरीही तुम्ही फसता. कसे?

कित्येकांची अशी समजूत असते की हा मनुष्य आपला आवाज दूर फेकतो. आवाज फेकता येत नाही. तो कलावंताच्याच कंठातून निघतो. फसतो तो आपला डोळा. दूरचित्रवाणीचा ध्वनी संचाच्या पाठीमागून वा बाजूने येतो, परंतु आपणांस तो पडद्यावरील नटाच्या ओठांतून आल्यासारखा वाटतो. ज्याचे तोंड हलते तो बोलतो, असा मनाचा जुना निर्णय आहे. १९७६ साली मॅकगर्क आणि मॅकडोनल्ड ह्या दोन संशोधकांनी याहून नवलाची गोष्ट दाखविली. ध्वनी 'ब' चा ऐकविला आणि त्याच वेळी चित्रात ओठ 'ग' म्हणताना दाखविले, तर पुष्कळांना 'द' ऐकू येतो! डोळा कानाच्या कारभारात इतकी ढवळाढवळ करतो.

म्हणून कलावंताने आपले ओठ किंचित विलग ठेवून स्थिर ठेवावयाचे आणि जिभेने सर्व वर्ण उच्चारावयाचे. येथे व्याकरणाच्या तासाची आठवण करा. कंठ्य, तालव्य, मूर्धन्य, दंत्य ह्या वर्गांना ओठांची गरज नाही. क, च, ट, त हे वर्ण आरशासमोर ओठ न हलविता कोणालाही म्हणता येतील. खरी परीक्षा पवर्गाची. प, फ, ब, भ, म हे ओष्ठ्य वर्ण ओठ मिटल्यावाचून निघत नाहीत, आणि 'व' ला दात व ओठ दोन्ही लागतात. कलावंत त्यांच्या जागी जिभेचे टोक वरच्या दातांमागे दाबून 'प' साठी त-सारखा, 'ब' साठी द-सारखा, 'म' साठी न-सारखा ध्वनी काढतो. मात्र तो दाबून, गोलाई देऊन काढतो. उरलेले काम ऐकणाऱ्याचे मन करते. "विहिरीचे ताणी" असे कोणी भरभर म्हटले, तर आपण "पाणी"च ऐकतो. गंमत अशी की पाध्ये हे आडनावच पवर्गाने सुरू होते. मालकाला नावाने हाक मारण्यात बाहुल्याची केवढी पंचाईत!

एवढे साधले म्हणजे शब्दभ्रम आला, असे मात्र नाही. ही ह्या विद्येची पहिली इयत्ता झाली. अमेरिकेतील एडगर बर्गन हा कलावंत आणि त्याचा चार्ली मॅकार्थी हा बाहुला ह्यांचा कार्यक्रम १९३७ पासून १९५६ पर्यंत नभोवाणीवर चालला. नभोवाणीवर! जेथे बाहुला दिसत नाही आणि ओठही दिसत नाहीत, तेथे लक्षावधी लोक शब्दभ्रम ऐकण्यास बसत. इतकेच नव्हे, बर्गनचे ओठ हलतात अशी थट्टा खुद्द चार्लीच करीत असे. मग लोक कशासाठी ऐकत? चार्लीसाठी. त्याला स्वतःचा स्वभाव होता, स्वतःची तऱ्हा होती. अर्धवटरावांचेही तसेच. ते फटकळ आहेत, खट्याळ आहेत. जे बोलण्याची सभ्य गृहस्थास चोरी, ते ते बिनदिक्कत बोलून मोकळे होतात, आणि शेजारी बसलेल्या आपल्या धन्यास ओशाळे करतात. ते ओशाळणेही धन्यानेच करावयाचे असते. एकाच छातीतील श्वासावर दोन माणसे बोलावयाची, एक बोलत असता दुसऱ्याने लक्षपूर्वक ऐकत आहोत असे दाखवावयाचे, आणि त्याच वेळी एका हाताने बाहुल्याच्या मस्तकातील कळा ओढून जबडा व डोळे हालवावयाचे. हे करून पाहिल्याशिवाय त्यातील कष्ट कळत नाहीत.

यशवंत पाध्ये ह्यांच्यामागून ही विद्या त्यांचे चिरंजीव रामदास पाध्ये ह्यांनी चालविली. ते वडिलांपाशी शिकले, शिक्षणाने अभियंते झाले आणि १९६७ पासून रंगमंचावर शब्दभ्रमाचे प्रयोग करू लागले. यंत्रशास्त्राचे ज्ञान त्यांना वाया गेले नाही, कारण बोलक्या बाहुलीचे मस्तक हे आतून एक यंत्रच असते. १९७२ साली मुंबई दूरदर्शन सुरू झाल्यानंतर बोलक्या बाहुल्या नाट्यगृहातून घराघरांत आल्या. लिज्जत पापडाच्या जाहिरातीतील ससा तुमच्या आईवडिलांनी खचित पाहिला असेल. तो ससा रामदास पाध्ये ह्यांचा.

१९९३ सालच्या 'झपाटलेला' ह्या चित्रपटातील तात्या विंचू तर तुम्हांसही ठाऊक आहे. त्याची एक बाब मला फार विचार करावयास लावणारी वाटते. तो बाहुला रामदास पाध्ये ह्यांनी घडविला, परंतु त्याचा आवाज दिलीप प्रभावळकर ह्यांचा. देह एकाचा, वाणी दुसऱ्याची. आणि पाहणाऱ्याला त्यात सांधा म्हणून दिसत नाही. मग आवाज हा कोणाचा म्हणावयाचा, देणाऱ्याचा की ज्याला दिला त्याचा?

हाच प्रश्न रामदास पाध्ये ह्यांच्यापुढे तरुणपणी निराळ्या रीतीने आला असला पाहिजे. घरात वारशाने बाहुला येतो, त्याच्या कळा येतात, त्याचे कपडे येतात. वडिलांचा कंठ काही वारशाने येत नाही. लोकांनी मात्र अर्धवटराव ऐकलेले असतात. ते रंगमंचावर बसले, तोंड उघडले आणि आवाज परका निघाला, तर प्रेक्षकांच्या लेखी अर्धवटराव तेथेच संपले. मुलाने वडिलांच्या आवाजाची नुसती नक्कल करूनही भागत नाही, कारण नक्कल ठरलेल्या वाक्यांपुरती पुरते आणि अर्धवटरावांना तर रोज नवे बोलावे लागते. ह्या प्रसंगी ते काय म्हणाले असते, हे आधी ठाऊक व्हावे लागते. आवाज त्यामागून येतो. जपानात मिझुता बाईंना २००५ साली जे करावे लागले, ते आपल्याकडे एका घरात त्याच्या पुष्कळ आधी झाले होते. पुढे रामदासांच्या पत्नी अपर्णा आणि पुत्र सत्यजित व परीक्षित हेही ह्या कलेत आले. अशा रीतीने एका बाहुल्याभोवती तीन पिढ्या झाल्या.

वर ज्या विद्यार्थ्याचा उल्लेख केला त्याच्याविषयी दोन शब्द लिहून थांबतो. त्याचा आवाज गेल्या पावसाळ्यात फुटला. ह्या वयात मुलांचे स्वरतंतू लांब व जाड होतात आणि आवाज सुमारे एका सप्तकाने खाली येतो. मधले काही महिने तो कधी वर, कधी खाली असा घसरतो. ह्यात लाजण्याजोगे काही नाही, हे वर्गाला सांगूनही हसणारे हसतच. तो प्रकट वाचनास उभा राहीनासा झाला होता. हसे होण्याचा अनुभव मलाही आहे. माझी मातृभाषा कोकणी. कटंगीस आलो तेव्हा माझ्या मराठीतील हेल ऐकून पहिल्या बाकावरील मुले तोंडावर हात धरून बसत.

ह्या वर्षीच्या स्नेहसंमेलनात त्या विद्यार्थ्याने जुन्या पायमोज्याला दोन गुंड्यांचे डोळे शिवून एक बाहुला आणला. त्याचा स्वतःचा आवाज खर्जात आणि बाहुल्याचा वरच्या पट्टीत. जेथे आवाज घसरे, तेथे बाहुलाच मध्ये बोलला असे तो भासवी. पाच मिनिटांत ओठ पुष्कळदा हलले. 'पेपर' हा शब्द त्याने तीनदा घेतला आणि तिन्ही वेळा तो 'तेतर' झाला. सभागृह हसले, आणि बाहुल्याने मान वळवून त्यालाच विचारले, "हे तुला हसताहेत की मला?"